निळ्या कापडाचा इलाज

चहा ओतलात? बसा मग. पण आधी एक कबूल करा, मधेच कुणी हसायचं नाही. आमच्या घरात हा किस्सा निघाला की मी तोंड उघडायच्या आधीच मंडळी फिदीफिदी सुरू करतात आणि सांगायची मजाच जाते. गाढवपणा माझा आहे, तर सांगायचा मानही माझाच. शेवटपर्यंत बोलू द्या म्हणजे झालं.

मी गेलो तेव्हाची दुबई तुम्हाला दाखवली तर तुम्ही म्हणाल, हे कुठलं बंदर? काचेच्या इमारती विसरा. मधे खाडी, दोन काठांना दोन वस्त्या आणि माणसं इकडून तिकडे नेणाऱ्या लाकडी होड्या, त्यांना अब्रा म्हणायचे. गोडं पाणी गाढवाच्या पाठीवरून डब्यांतून यायचं. आणि दिरहॅम-बिरहॅम काही नाही बरं का, रुपयेच चालायचे. मुंबईच्या बोटीतून उतरलेल्या माणसाला वाटायचं, आपण फार लांब आलोच नाही. फक्त झाडं तेवढी कुणीतरी काढून नेली आहेत.

खाडीच्या एका काठाला बर दुबई म्हणायचे, तिथल्या कापडबाजारात अब्बासशेठचं दुकान होतं. शेठ आमच्या दापोलीकडचे. माणूस मोठ्या मनाचा, पण आवाज असा की दुकानात शिंकले तर खाडीपलीकडे ‘अल्हम्दुलिल्ला’ ऐकू जावं. त्यांनी मला गावाहून बोलावून घेतलं, नोकरी दिली, राहायला दुकानामागची खोली दिली. खोलीत माझ्याबरोबर करीम. हा श्रीवर्धनचा, माझ्याच वयाचा, कापड मोजायला एक नंबर. स्वभावाने मात्र असा की तुम्ही म्हणालात, “करीम, तुला ताप आहे,” तर लगेच अंथरूण घालून पडेल.

आता मुख्य गोष्ट. माझी पुस्तकं!

मी इंटर सायन्स नापास. आणि पास झालेल्यापेक्षा नापास झालेल्याला विज्ञानाचा अभिमान जास्त असतो, हे तुम्ही कुठंही पाहा. दुबईला निघण्याआधी मुंबईच्या फुटपाथवर मला तीन जाडजूड इंग्रजी ग्रंथ मिळाले. एक औषधांचा, एक रंगांचा, एक रासायनिक कारखान्यांचा. कुठल्या तरी साहेबाने मायदेशी जाताना टाकून दिलेले असावेत. पानं पिवळी पडलेली, पुठ्ठ्याला वाळवीची नक्षी. औषधांच्या ग्रंथात जळवा कशा लावाव्या हे चित्रासकट दिलं होतं, यावरून त्याचं वय ओळखा.

ते ग्रंथ मी ट्रंकेत भरले आणि कपडे पिशवीत. बोट दुबईला लागायची म्हणजे समुद्रातच उभी राहायची, मग सामान पडावात उतरवायचं. माझी ट्रंक उचलताना खलाशी कण्हला. म्हणाला, “भाईसाब, सोना है क्या?” मी म्हटलं, “सोन्यापेक्षा भारी आहे. ज्ञान आहे.” तो म्हणाला, “तो फिर खुद उठाओ.”

पण दुबईत त्या ज्ञानाने माझं बस्तान बसवलं, ते काही खोटं नाही. शेठच्या पांढऱ्या सदऱ्यावर शाईचा डाग पडला, मी ग्रंथ उघडून लिंबू आणि मीठ सांगितलं. डाग गेला. करीमची दाढ दुखली, मी ग्रंथ उघडून लवंगेचं तेल सांगितलं, तेही लवंगेचं लॅटिन नाव घेऊन. दाढ दुखायची थांबली. आता लिंबू आणि लवंग तर आमच्या गावात शेळी राखणाऱ्यालाही माहीत! पण त्याच्याकडे ग्रंथ कुठे होता? बाजारात मला ‘डॉक्टर’ म्हणायला लागले. मीही नको म्हटलं नाही.

आणखी एक गोष्ट सांगतो, तिच्यामुळे पुढे माझा जीव टांगणीला लागला. शेठची एक भाची होती गावाकडे, झुबेदा. मी तिला एकदाच पाहिली होती, विहिरीवर. तिने मला पाहिलं नव्हतं, असं मला तेव्हा वाटलं होतं. माझ्या आईने शेठकडे शब्द टाकून ठेवला होता. झुबेदाला बाप नव्हता, त्यामुळे मामू म्हणतील तसं. आणि मामू म्हणाले होते, “पोरगा सहा महिने माझ्या दुकानात राहू दे. मी पारखून घेतो.” म्हणजे मी दुकानात कापड विकत होतो असं नव्हे, मलाच दुकानात मांडून ठेवलेलं होतं.

आधी माझं काम गोदामात होतं. मग शेठ एकदा रास अल खैमाला कुणाच्या तरी लग्नाला निघाले, लाँचने. जाताना मला गल्ल्यावर बसवलं आणि म्हणाले, “इस्माईल, उम्म सईदच्या मुलीचं लग्न ठरलंय. ती बत्तूल्याचं कापड घ्यायला येईल. तिने घेतलं की गावातल्या सगळ्या बायका आपल्याकडेच येतात. तिची मर्जी सांभाळ. दुकानात हात चालव, डोकं चालवू नकोस. समजला?”

“समजलो, शेठ.”

“आणि तुझी ती पुस्तकं ट्रंकेतच राहू देत. यल्ला, निघतो मी.”

बत्तूला म्हणजे काय, ते सांगतो. आपला अंगभर बुरखा नव्हे. तिथल्या बायका तोंडावर एक कडक, चकचकीत कापडाचा मुखवटा बांधायच्या. कपाळावर एक पट्टी, मधे नाकावर दांडी, खाली वरच्या ओठावर एक पट्टी. ते कापड यायचं आपल्याकडूनच, मुंबईच्या बोटीने. निळीत बुडवून बुडवून, कुटून कुटून त्याला अशी चकाकी आणलेली असायची की उन्हात तांब्यासारखं लखलखायचं. शेठकडे नुकतेच त्याचे दोन गठ्ठे आले होते.

गल्ल्यावर बसल्यावर मी पाहिलं, बायका ते कापड घेताना बोट ओलं करायच्या, कापडावर घासायच्या आणि बोटाला लागलेला निळा रंग एकमेकींना दाखवायच्या. मग अरबीत भराभर काहीतरी बोलायच्या. मला अरबी येत होतं ते ‘हबीबी’ आणि ‘खलास’ एवढंच. मी ओळखलं की ही तक्रार आहे! बिचाऱ्या म्हणत असणार, बघ गं, कसला कच्चा रंग. दुसरीकडे मिळत नाही म्हणून घेतात झालं. मला शेठच्या दुकानाची शरम वाटली हो.

आणि मग आली उम्म सईद.

काय बाई होती! वय झालेलं, पण पाठ ताठ, हातात काठी, आणि ती काठी टेकायला नाही, दाखवायला. तिचा नवरा पूर्वी मुंबईशी व्यापार करायचा, त्यामुळे हिंदी फाडफाड बोलायची. ती बसली, मी चहा मागवला. चहा पिण्यासाठी तिने बत्तूला जरा वर उचलला आणि मी काय पाहिलं? तिचा वरचा ओठ निळा! नाकाचा शेंडा निळा!

माझ्या हातातून कापड मोजायचा गज पडला.

“मांजी,” मी म्हटलं, “आपकी तबीयत कैसी है?”

“अल्हम्दुलिल्ला, अच्छी है.”

“छाती में दुखता है?”

“क्यों दुखेगा?”

“सांस फूलता है? चक्कर?”

तिने कप खाली ठेवला. काठी हातात घेतली. “लडके, तू कपडा बेचता है या मेरे को मारने को बैठा है? अब्बास किधर है?”

“बाहेर गये हैं, मांजी. आठ-दस दिन में आयेंगे.”

“मैं जुमे के बाद आयेगी. औरतों को लेके. माल अच्छा निकाल के रख, इन्शाल्ला.” आणि ती गेली, पायरी उतरून गल्लीत, भराभर. हृदयाचा रोगी इतका भराभर चालतो का, हा प्रश्न कुठल्याही शहाण्या माणसाला पडला असता. मला नाही पडला. मी ट्रंक उघडायला धावलो.

औषधांचा ग्रंथ म्हणाला, ओठ निळे पडणे हे हृदय किंवा फुफ्फुस बिघडल्याचं लक्षण. मी घाबरलो. मग रासायनिक कारखान्यांचा ग्रंथ काढला. त्यात तर साफ लिहिलं होतं की डांबरापासून रंग काढणाऱ्या कारखान्यात कामगारांचे ओठ निळे पडतात, आधी डोकं दुखतं, मग धाप लागते, मग माणूस कोसळतो. ते विष अंगातून आत शिरतं, कातडीतून!

कातडीतून! आणि आम्ही ते कापड बायकांच्या तोंडावर बांधायला विकत होतो!

मला घाम फुटला. अख्ख्या गावातल्या बायका अब्बासशेठच्या कापडाने हळूहळू मरताहेत आणि हे जगात एकट्या मला कळलंय. तुम्ही हसताय. मी म्हटलं होतं ना, हसायचं नाही. त्या वेळी माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं, खरंच. बायकांबद्दल कळवळा होताच. त्यात शेठची अब्रू वाचवली तर झुबेदाचं नक्की, हाही हिशेब मनात झाला, ते कशाला लपवू.

करीमला सांगितलं. ती चूक. कारण करीम गेली दोन वर्षं तेच कापड मोजत होता. त्याने आपली दहाही बोटं उजेडात धरली. सगळी निळसर.

“डॉक्टर,” तो खाली बसला, “मी पण गेलो का?”

“घाबरू नकोस. तुझे ओठ अजून लाल आहेत.”

“ते पानामुळे!”

त्याने त्या क्षणापासून त्या कापडाला हात लावायचं सोडलं. एक गठ्ठा मी उघडलेला होता, दुसरा तसाच बंद. तो बंद गठ्ठा त्याने बांबूने ढकलत ढकलत गोदामाच्या कोपऱ्यात नेला आणि वर रिकामी पोती टाकली. वर मला म्हणतो, “मी अम्मीला सांगून आलो होतो की दोन वर्षांत परत येतो. आता काय तोंड दाखवू?”

“ऐक,” मी म्हटलं, “उपाय आहे. रंगांच्या ग्रंथात आहे. कापडावरचा सुटा रंग उकळून काढून टाकायचा आणि जो राहील तो तुरटी आणि सिरक्याने पक्का करायचा. मग कापड कितीही घासा, बोटाला ठिपका लागणार नाही.”

“आणि शेठना विचारायचं नाही?”

“शेठ येईपर्यंत उम्म सईद जगायला हवी की नको?”

करीम चुलीसाठी लाकडं शोधायला निघाला. 

भांडं हवं होतं मोठं. बाजारातल्या आम्हा कोकणी लोकांची एक सामायिक देग होती, शुक्रवारच्या पुलावाची. ती मागून आणली. गोडं पाणी एवढं कुठून आणणार? खाडीचं आणलं. ग्रंथात खाऱ्या पाण्याबद्दल काही नव्हतं, म्हणजे हरकत नसावी. दुकानामागच्या अंगणात चूल मांडली, साबण आणि सोडा घातला, बिस्मिल्ला केलं आणि कापड सोडलं.

दुबईचा उन्हाळा, समोर चूल, वर ऊन. मी लुंगी-बनियनवर. दांडक्याने कापड ढवळतोय, पिळतोय, घाम पुसतोय, परत ढवळतोय. करीम दूर दारात उभा राहून कलमा पढतोय. पाण्याचा रंग काय सांगू! मसीदीच्या घुमटासारखा निळाशार. प्रत्येक वेळी मनात म्हणायचो, बघ, केवढं विष बाहेर येतंय! आणखी एक उकळी काढायचो. कापडाची चकाकी गेली, ते मऊ झालं, धुतल्या लुंगीसारखं लोंबायला लागलं. मी म्हटलं, जाऊ दे चकाकी, जीव मोठा की चकाकी?

आता मधेच एक सांगायचं राहिलं. देग मी घासून परत केली, पण खाडीच्या पाण्याने कितीशी निघणार? त्या शुक्रवारी अख्ख्या बाजाराचा पुलाव फिकट निळा झाला. करीमने घास तोंडात घातला नाही. बाकी सगळे चाटूनपुसून जेवले, वर बोटं चोखली आणि कुणालाही काहीही झालं नाही! ढेकर सोडून काही नाही! यावरून तरी मला कळायला हवं होतं ना? पण ग्रंथ वाचणाऱ्या माणसाला डोळ्यांसमोरचं दिसत नाही. मी त्या वेळी मनात म्हणालो, विष हळूहळू भिनतं.

जुम्मा झाला, दुसऱ्या दिवशी देग पुन्हा मागून आणून मी शेवटचा तागा उकळत होतो. दुपारची वेळ. करीम दारातून डोकावला आणि किंचाळला.

“डॉक्टर! तुमचे ओठ!”

“काय झालं?”

“निळे! नाक निळं! कपाळ, कान, सगळं निळं!”

दुकानात गिऱ्हाइकांसाठी एक आरसा होता. मी धावत गेलो. आरशात कुणीतरी दुसराच माणूस उभा होता. हातांनी घाम पुसून पुसून नीळ तोंडभर झाली होती हे आता तुम्हाला दिसतंय. मला नाही दिसलं! मला दिसलं ते लक्षण. डोकं दुखत होतंच, सकाळपासून उन्हात चुलीपुढे उभं राहिल्यावर कुणाचं दुखणार नाही? धाप लागत होतीच. ग्रंथात दिलेला क्रम तंतोतंत जुळला. आता उरलं होतं फक्त कोसळणं. तेही मी केलं.

करीमने मला दुकानाच्या पुढच्या बाकावर निजवलं. आता त्याला इंग्रजी येत नाही. तेव्हा मीच आडवा पडून छातीवर ग्रंथ धरला, माझ्याच आजाराचं पान काढलं आणि त्याला वाचून सांगू लागलो.

“रुग्णास मोकळ्या हवेत निजवावे.”

“निजवलंय.”

“रुग्णाचे पाय उंच करावे.”

करीमने पायांखाली तलम मलमलचा तागा दिला.

“रुग्णास शांत ठेवावे, आजूबाजूस रडू नये.”

करीम आणखी जोरात रडायला लागला. म्हणाला, “डॉक्टर, गावाकडे काय सांगू?” मी म्हटलं, “आईला सलाम सांग. आणि झुबेदाला…” इथं मला हुंदका आला. झुबेदाला काय सांगायचं? आमचं बोलणंच कधी झालं नव्हतं! तिला बिचारीला कळणारही नव्हतं की तिच्या मामूच्या दुकानात तिच्यासाठी कुणी शहीद झालं.

आणि नेमकी तेव्हाच गल्लीच्या तोंडाशी काठी वाजली.

उम्म सईद आली. बरोबर नवरीच्या मावश्या, आत्या, शेजारणी, सगळा गोतावळा. तिने माझ्याकडे एक नजर टाकली, म्हणाली, “सोता है दुपहर को,” आणि आत शिरली. करीमने डोळे पुसत पुसत माझं शुद्ध केलेलं कापड तिच्यापुढे मांडलं.

मी बाकावरून मान वळवून बघत होतो. मरण्याआधी आपल्या कामाचं चीज झालेलं बघावं, एवढीच इच्छा. उम्म सईदने कापड हातात घेतलं. ते मऊ पडलं. तिने दुसरं घेतलं. तेही पडलं. मग बोट ओलं केलं आणि घासलं. बोट बघितलं. पुन्हा ओलं केलं, पुन्हा घासलं, जोरात. बोट कोरं! माझ्या चेहऱ्यावर हसू आलं.

“ये क्या है?” तिचा आवाज चढला.

“असली माल, मांजी,” करीम म्हणाला.

“असली? असली का रंग किधर है? देखो, देखो,” ती सगळ्या बायकांना बोट दाखवायला लागली, “कुछ नहीं आता! अब्बास नकली माल बेचता है! मेरी बेटी की शादी में नकली!”

मी ताडकन उठून बसलो. “मांजी, रंग नहीं आता, वही तो अच्छा है! वो रंग जहर था! आपका होंठ नीला हो गया था!”

 मग उम्म सईदने मला असं पाहिलं, जसं आपण पावसात छत्री मिटून चालणाऱ्या माणसाकडे पाहतो.

“पागल,” ती सावकाश म्हणाली, “वो रंग मुंह को लगने के लिये ही लेते हैं. धूप नहीं लगती, चमडी ठंडी रहती है, औरत का मुंह चमकता है. मेरी मां लगाती थी, उसकी मां लगाती थी. जो रंग नहीं छोडता वो कपडा हम कुत्ते को नहीं बांधते!”

आता सांगा, काय करणार होतो मी? ज्या गुणासाठी बायका पदरमोड करून ते कापड घेत होत्या, तो गुण मी तीन उकळ्या देऊन खाडीत ओतला होता! बोट ओलं करून त्या तक्रार करत नव्हत्या, माल पारखत होत्या. बोट निळं झालं की खूश व्हायच्या. मी म्हणजे हलवायाच्या दुकानात बसून जिलब्यांतली साखर धुऊन काढली होती.

आणि पुढचं ऐका. खाडीकडून आवाज आला, “इस्माईऽऽल!” शेठ! लग्न आटपून दोन दिवस आधीच परत. अब्र्यातून उतरता उतरता कुणीतरी त्यांना सांगितलं असणार की तुमच्या दुकानात कुणी मेलंय, दुकानासमोर रडारड चालू आहे. ते धावत आले. पाहतात तर दारात निळा माणूस, आत संतापलेल्या बायका, फळीवर लोळागोळा झालेलं कापड आणि मागच्या अंगणात अजून उकळणारं पाणी.

“अरे मेल्या, ह्या काय केलंस तू?”

मी सगळं सांगितलं. ओठ, ग्रंथ, देग, सगळं. एका दमात. शेठ ऐकत होते आणि त्यांचं तोंड उघडंच राहिलं. मग उघड्या तोंडातून आवाज आला.

“मी काय सांगून गेलो होतो? डोकं चालवू नकोस म्हणालो होतो ना? तोंड काळं कर माझ्यासमोरून!”

“शेठ,” करीम हळूच म्हणाला, “त्याला जागा नाही आता.”

शेठनी त्याच्याकडे असं पाहिलं की तो मलमलच्या ताग्यामागे गेला. माझं सगळं संपलं होतं. विष नव्हतं हे कळल्यावर जीव वाचला खरा, पण वाचून करायचं काय? नोकरी गेली, झुबेदा गेली, आणि ज्या माणसाने मला हाताला धरून आणलं त्याच्या नावाला मी बट्टा लावला. उम्म सईद उठली होती. ती दाराबाहेर पडली की बाजारभर होणार, अब्बास नकली माल विकतो. शेठना मी पहिल्यांदाच गप्प झालेलं पाहिलं. ते ओरडत होते तेव्हा इतकं वाईट वाटलं नव्हतं.

“मांजी,” शेठ म्हणाले, “अल्लाह कसम, माल असली था. इस गधे ने धो डाला.”

“सब दुकानवाले ऐसा ही बोलते हैं,” ती म्हणाली आणि चालू लागली. माझ्यापाशी आली. थांबली. माझ्या तोंडाकडे अशी बघत राहिली जशी ती कापडाकडे बघायची. डावीकडून, उजवीकडून, उजेडात.

“अब्बास,” ती म्हणाली, “इसका गाल घिस.”

“जी?”

“गाल घिस इसका! उंगली गीली करके!”

शेठनी बोट ओलं केलं आणि माझा गाल घासला. प्रेमाने नाही घासला, हे सांगायला नको. बोट उचलून उम्म सईदला दाखवलं. असं गडद निळं, मोरपंखी झाक असलेलं! तिने बोट बघितलं, मागच्या बायकांना दाखवलं, त्या सगळ्या ‘वल्ला, वल्ला’ करायला लागल्या.

“ये असली है,” उम्म सईद म्हणाली. “बहुत अच्छा माल है. लेकिन सारा इसके मुंह पे है.” आणि काठी जमिनीवर आपटून आपटून हसायला लागली. बत्तूल्याच्या मागून डोळ्यांतून पाणी यायला लागलं तिच्या. मग बायका हसल्या, मग करीम, आणि सगळ्यात शेवटी शेठ. शेठ हसले तेव्हा खाडीपलीकडचे लोक काय झालं म्हणून विचारायला आले असतील.

तेवढ्यात करीमला आठवण झाली, बांबूने ढकललेला गठ्ठा! पोत्यांखालून काढला तर जसाच्या तसा, लखलखीत. त्याच्या भित्रेपणाने दुकान वाचलं. उम्म सईदने लग्नाचं सगळं कापड त्यातून घेतलं आणि जाताना मला म्हणाली, “वलदी, बेटे, तेरा मुंह अब बहुत सुंदर होगा. धोना मत.”

धुतलं तरी जातंय कुठे! शेठनी मला काढलं नाही. त्यांनी मला दारात स्टूल टाकून बसवलं. रोज. गिऱ्हाईक आलं की शेठ माझ्याकडे बोट दाखवायचे, “इधर देखो, अपना माल ऐसा है!” बायका यायच्या, मला बघायच्या, हसायच्या आणि कापड घेऊन जायच्या. नीळ उतरेपर्यंत मी शो-केसमध्ये होतो. ग्रंथांचंही भलं झालं, शेठ नवीन कापड सपाट ठेवायला ते वरून वजन म्हणून ठेवायचे. बाजारात माझं डॉक्टर हे नाव मात्र कायम राहिलं, फक्त म्हणणाऱ्यांचा सूर बदलला.

आणि खरं सांगू? तेवढं सुख मला दुबईत पुन्हा मिळालं नाही. सगळा बाजार आपल्याला ओळखतो, लोकांना बघितल्याबरोबर हसू येतं, संध्याकाळी शेठ स्वतः चहा पाठवतात. चुकलेल्या माणसाला एवढं कोण सांभाळतं?

सहा महिने झाले, शेठनी गावाकडे होकार कळवला. मला वाटलं, चला, गावापर्यंत काही पोचलेलं दिसत नाही. निकाह झाला. शेठनी आहेर काय दिला माहीत आहे? उश्यांचे अभ्रे. त्याच धुतलेल्या कापडाचे! आजही घरात आहेत. इतकी वर्षं धुतोय, रंग तसूभर गेलेला नाही. त्या रंगांच्या ग्रंथाने शब्द पाळला, हे मान्य करायला हवं.

लग्नाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी झुबेदा चहा घेऊन आली. पहिलाच चहा. मी रुबाबात बसलो होतो. तिने कप ठेवला, इकडेतिकडे कुणी नाही असं बघितलं, मग आपलं बोट जिभेला लावलं आणि माझ्या गालावर घासलं!

मी गोंधळलो. “हे काय?”

ती बोट खिडकीच्या उजेडात धरून बघत होती. डावीकडून, उजवीकडून. बोट कोरं होतं.

“अल्ला,” ती म्हणाली, “मामूंनी सांगितलं होतं, पोरी, घ्यायच्या आधी पारखून घे. मी ऐकलं नाही. आता बघा, माल नकली निघाला.”